देवमनमामांचं हसू

रिठद गावची मंजुषा मालेगावच्या एका फोटो स्टुडिओत कामाला लागली, तेव्हा नवरा-नवरीच्या फोटोभोवती गुलाब आणि बदाम लावायचे, एवढंच तिचं काम होतं. व्हिडिओ जोडायला ती हट्टानं शिकली, तेही मोबाइलवर जुने जपानी सिनेमे बघून. भाषा ओ की ठो कळायची नाही, म्हणून सगळं लक्ष दृश्य कुठे कापलंय याच्यावर. आता आसपासच्या गावांतल्या बऱ्याच नवऱ्या आधी तिच्या हाताखालून जातात आणि मग सासरी.

धम्मदीपा या नवरीच्या व्हिडिओचं काम मात्र अडलं. नवरदेवाच्या मामांना सोफा मिळाला आणि नवरीच्या देवमनमामांना प्लास्टिकची खुर्ची. मामा जे फुगले, ते शेवटपर्यंत फुगलेलेच. नवरीची आई विमलबाई स्टुडिओत येऊन बसल्या.

"भाऊ तवापासून बोलून नाही राह्यला, मंजू. रविवारी व्हिडिओ पाह्यले बलावलं, त हो म्हणला. त्यात दिसला नाही त कायमचा तुटते. अन् असा फुगेल दिसला तरी तुटते."

स्टुडिओचे मालक रवी म्हणाले, "कापून टाक ना मामाले."

"माणूस कापत नसते मी, रवीभाऊ. थे कुठंतरी हसले असतीन."

"सोताच्या लग्नात नाही हसला थो माणूस."

मंजुषानं सगळं चित्रण पुन्हा धुंडाळलं. वरात, पंगत, मांडवाबाहेरच्या चपलासुद्धा. शेवटी एका कोपऱ्यात मामा सापडले, चक्क हसताना. समोर एक बोकड बॅन्डवाल्याच्या फेट्याचं टोक चघळत होता. तिनं बोकड चौकटीबाहेर ठेवला आणि ते हसू धम्मदीपावर फुलं पडतात त्याच्या लगेच पुढे जोडलं.

रविवारी विमलबाईंच्या घरी टीव्हीवर फुलं पडली आणि मामा हसले. विमलबाईंनी पदर डोळ्यांना लावला. मामांनी मान वळवून मंजुषाकडे पाहिलं. त्यांना बोकड चांगला आठवत होता, हे तिला दिसलं. तिनं नजर हलवली नाही.

"परत लाव," मामा म्हणाले.

तिनं परत लावलं.

"बरी दिसून राह्यली पोट्टी. विमल, चहा ठेव." विमलबाई लगबगीनं आत गेल्या. मामा हळूच पुढे वाकले. "मंजू, थे पंगतीतलं माहं फुगेल तोंड तेवढं काहाड."

"नाही निंघत, मामा. बाजूले मामी बसेल हायेत."

मामा पुन्हा मागे टेकले.

"राहू दे मंग. तिले कापलं त मले घरात कोन घेईन?"