आत्याने केलेला मोगऱ्याचा बुके

माझी प्रमिला आत्या काल सकाळी गेली.
तिचा डावा हात सहा वर्षांपूर्वीच गेला होता.

लिहायचंय ते या सहा वर्षांबद्दल.

आत्या चौलची. तिने लग्न केलं नाही. भावाकडे राहिली, म्हणजे आमच्याकडे.
पण गावातल्या निम्म्या नवऱ्यामुलींच्या डोक्यात आत्याने केलेली वेणी असायची. मांडीवर फुलं, हातात केळीच्या सोपटाचा दोरा. बोटं इतकी भरभर चालायची की गाठ कधी पडली ते समोर बसून कळायचं नाही.

मग अर्धांगवायूचा झटका आला.
काही महिन्यांनी ती बोलायला लागली, चालायला लागली. डाव्या हाताची बोटं मात्र मिटली ती मिटलीच.

गाठ मारायला दोन हात लागतात.

उरलेला सगळा दोरा तिने आईच्या हातात दिला. "चुलीत घाल."
त्यानंतर ती उंबऱ्याबाहेर पडली नाही. कुणी लग्नाची पत्रिका द्यायला आलं की उठून मागच्या पडवीत जाऊन बसायची. आम्ही बोलवायचो नाही.

पुढच्या मे महिन्यात ग्लोरियाचं लग्न ठरलं. ग्लोरिया कोर्लईची, माझ्याच शाळेत शिकवते. तिला चर्चमध्ये हातात धरायला बुके हवा होता, आणि तो मोगऱ्याचाच. तिच्या आईने अंगणात लावलेल्या मोगऱ्याचा. आई दोन वर्षांपूर्वी गेली होती.

अलिबागच्या फुलवाल्याने सरळ नाही सांगितलं. "मॅडम, मोगऱ्याला देठ कुठंय? गुलाब घ्या."

मी म्हटलं, मी करते. यूट्यूबवर सगळं आहे.
दादरहून बारीक तार आणि हिरवी फ्लोरल टेप घेऊन आले. कळीत तार खोचायची, वरून टेप गुंडाळत खाली यायचं, की तारेचाच देठ तयार. व्हिडिओत ती बाई हसत हसत करत होती.

माझी टेप चिकटतच नव्हती. गुंडाळली की सुटायची. तासाभराने मी वैतागून रीळ फेकलं. "फसवलं दुकानदाराने. हिला गोंदच नाहीये."

आत्या पडवीतून बघत होती. हळूहळू आली, ओटीवर बसली, रीळ उचललं. टेपचं एक टोक दातात धरून उजव्या हाताने ओढलं, मग बोटाने चाचपून बघितलं.

"अगं, ही ताणल्याबिगर चिकटायची न्हाय. मेण हाय हिच्यात."

खरंच तसं होतं. ती टेप नुसती गुंडाळली तर साधा कागद. ताणली की स्वतःलाच चिकटते.

"म्हंजे गाठ नको?" आत्याने विचारलं.
"नको."

तिने माझ्या हातातल्या तारेकडे बघितलं. मग म्हणाली, "दे इकडं."

रीळ तिने दोन्ही पायांच्या तळव्यांत धरलं. टेपचं टोक तारेवर ठेवून डाव्या मुठीने दाबलं. उजव्या हातात फूल, चिमटीत तार फिरवत ती हात वर ओढत गेली. टेप ताणली जात होती आणि तारेवर तिरकी चढत होती.

पहिल्या दिवशी एकही धड झालं नाही. दोनदा तिच्या डोळ्यांत पाणी आलं. मी मदतीला हात पुढे केला तर म्हणाली, "तू लांब बस."
आठ दिवस ती जास्वंदीच्या कळ्यांवर सराव करत होती.

लग्न दुपारी चार वाजता होतं. सकाळी ग्लोरियाच्या भावाने ओल्या फडक्यात कळ्या आणून दिल्या. आत्या सात वाजता बसली ती जेवायलाही उठली नाही. एकेक कळी, एकेक तार. शेवटी सगळे देठ एकत्र करून मी जुडी धरली. बुकेत माझं काम एवढंच.

ग्लोरियाचा निरोप होता, आत्यांनीच घेऊन यायचं.
"मी न्हाय येत. लोक हाताकडं बघतील."
"बरं, मी नेते," मी म्हटलं.
तिने माझ्याकडे बघितलं, मग बुकेकडे. "तू रिक्षात हादरवशील." आणि साडी बदलायला आत गेली.

चर्चच्या दारात ग्लोरियाने बुके घेतला, वास घेतला.
मग म्हणाली, "आत्या, पहिल्या बाकावर आईची जागा रिकामी ठेवलीय. तुम्ही बसाल?"

आत्या बसली. वर्षभर घराबाहेर न पडलेली माझी आत्या, अख्ख्या चर्चसमोर, पहिल्या बाकावर.

त्यानंतर फोन सुरू झाले. नागाव, रेवदंडा, एकदा तर रेवसहून. रिसेप्शनसाठी आमच्याकडच्या मुलीही बुके मागायला लागल्या. अनंत, सोनचाफा, अबोली, ज्या फुलाला दुकानदार नाही म्हणायचे त्याला आत्या हो म्हणायची. आमच्या आळीतली मानसी तिच्याकडे शिकायला यायला लागली.

आज संध्याकाळी नागावला एक लग्न आहे. ऑर्डर आत्यानेच घेतलेली. आम्हाला सुतक, म्हणून मानसीने तिच्या घरी बुके केला. पहिल्यांदाच एकटीने.

दुपारी तिचा फोन आला. आवाज रडून बसलेला. "ताई, जरा चुकलं की आत्या अख्खा बुके उलगडायला लावायच्या. फोटो पाठवलाय. हा उलगडायला लावला असता का, खरं सांगा."

मी फोटो मोठा करून नीट बघितला. एकेक देठ बघितला.

"नसता लावला," मी म्हटलं.

आत्या, आजचा बुके वेळेवर गेला गं.
तू आता नीज.