चार नंबरची पहिली फेरी

डेपोत त्याला सगळे ‘लोणी’ म्हणायचे. अठरा वर्षं बस चालवली, पण त्याच्या ब्रेकनं कुणाच्या पिशवीतला टोमॅटोसुद्धा घरंगळला नाही. मग एका दुपारी उभ्या बसमध्ये त्याला फिट आली. डॉक्टरांनी अपस्मार म्हणून सांगितलं आणि लायसन्स गेलं. नशीब असं, की बस उभी होती. हे नशीब चांगलं की वाईट, यावर तो पुढे पुष्कळ डोकं शिणवत बसे.

साहेबांनी त्याला वेळापत्रकाच्या टेबलावर बसवलं. पहिले सहा महिने तो कुणाशी धड बोलला नाही. बाहेर हॉर्न वाजला, की कुठली गाडी ते ओळखायचा आणि तोंड पाडून बसायचा. एक दिवस मात्र वही घेऊन रस्त्यावर उतरला. कुठल्या थांब्यावर म्हाताऱ्यांना चढायला किती वेळ लागतो, शाळेसमोर किती थांबावं लागतं, सगळं पायी फिरून टिपलं आणि वेळापत्रक नव्यानं मांडलं. वर्षानुवर्षं रखडणाऱ्या गाड्या वेळेवर येऊ लागल्या. कीव करणारे ड्रायव्हर आता “लोणीशेठ, माझ्याही फेरीत दोन मिनिटं टाका की,” म्हणून मस्का मारू लागले.

मान मिळाला, पगार मिळाला. जीव मात्र स्टिअरिंगपाशीच होता. दोन वर्षं फिट आली नाही तर लायसन्सचं बघू, असं डॉक्टर म्हणाले होते. त्यानं एकेक दिवस मोजून काढला. दोन वर्षं सरली, तपासण्या झाल्या, लायसन्स हातात आलं. सोमवारच्या ड्यूटीच्या तक्त्यावर त्यानं स्वतःच्या हातानं स्वतःचं नाव लिहिलं: चार नंबर, पहिली फेरी. त्याची नऊ वर्षांची लेक रोज त्याच गाडीनं शाळेत जायची.

शनिवारी सकाळी बायको कामावर गेली होती. तो स्वयंपाकघरात कप विसळत होता. पुढचं त्याला आठवत नाही. डोळे उघडले तेव्हा तो फरशीवर कुशीवर होता, डोक्याखाली उशी होती आणि तोंडात रक्ताची चव. लेक शेजारी बसून भिंतीवरच्या घड्याळाकडे बघत होती. आईनं शिकवलं होतं तसंच सगळं केलं होतं पोरीनं.

“दोन मिनिटं दहा सेकंद, बाबा.”

“आईला सांगू नकोस,” तो म्हणाला. जीभ चावली गेल्यामुळे शब्द नीट फुटत नव्हते.

“कुण्णाकुण्णाला नाही सांगणार. शप्पथ!”

माणूस किती नालायक होऊ शकतो बघा, त्याचा जीव चक्क भांड्यात पडला. त्यानं तिचा हात धरला.

“मग सोमवारी माझ्या गाडीत पुढच्या सीटवर बसायचं हं.”

ती उशीचं टोक चिवडत राहिली.

“मी चालत जाईन, बाबा. शाळा काही फार लांब नाही.”

तो ढसाढसा रडला. दोन वर्षांत पहिल्यांदा, आणि तेही पोरीसमोर. मग तोंड धुऊन त्यानं साहेबांना फोन लावला. फिट आल्याचं सांगून टाकलं.

“तू येऊ नकोस रे, पडून राहा. सोमवारला दुसऱ्याचं नाव मी घालतो.”

“नको साहेब,” तो म्हणाला. “तक्ता माझं काम आहे. संध्याकाळी येऊन मीच बदलतो.”