कंसाबाहेरचं वजा

तेहतिसाव्या वर्षी मी बाहेरून दहावीला बसले. माहेरी, पाचूबंदरला, नववीत शाळा सुटली होती आणि रुग्णसेवेच्या कोर्सला दहावी लागत होती. शिकवायला घरातच माणूस होतं. सासूबाईंनी तीस वर्षं शाळेत गणित शिकवलं होतं. सासरी, सांडोरच्या घराच्या पडवीत रोज सकाळी दहाला त्या मला समोर बसवत. मला त्यांचा धाक होता. लग्नानंतर पहिल्याच आठवड्यात त्यांनी माझ्या 'पानी'चं चारचौघांत 'पाणी' केलं होतं.

त्या दिवशी अपूर्णांकांची वजाबाकी होती: 3/(x − 2) − 2/(x + 1).

"छेद वेगळे आहेत तोवर वजाबाकीला हात लावायचा नाही," म्हणत त्यांनी दोन्ही छेदांचा गुणाकार खाली लिहिला. वर अंशात आलं 3(x + 1) − 2(x − 2). मग कंस सोडवले: 3x + 3 − 2x − 4. अंशाचं उत्तर, x − 1.

वजा दोन गुणिले वजा दोन म्हणजे अधिक चार. हे त्यांनीच माझ्याकडून घोकून घेतलं होतं. आणि अशी चूक त्या आठवड्यात तिसऱ्यांदा होत होती. आधी दोनदा मी गप्प बसले होते, नंतर वहीत गुपचूप दुरुस्त केलं होतं.

"आई, तिथं अधिक चार येईल ना?"

पेन थांबलं. "नववीत शाळा सोडलेली तू मला चिन्हं शिकवणार?"

गप्प बसावंसं वाटलं. तरी वही ओढून मी म्हटलं, "एक्सच्या जागी तीन घालून बघू या."

मूळ उदाहरणात तीन वजा अर्धा, म्हणजे अडीच आले. त्यांच्या उत्तरात दोन छेद चार, फक्त अर्धा. मी अंश x + 7 केला. दहा छेद चार. अडीच.

त्यांनी ते एकदा पाहिलं, स्वतः पुन्हा करून पाहिलं, आणखी एकदा केलं. त्या आता ओरडतील, वही भिरकावतील, असं वाटून मी मान खाली घातली.

"या आठवड्यात किती वेळा?" त्यांनी हळूच विचारलं.

"तीनदा."

"आणि तू बोलली नाहीस."

"भीती वाटली."

"मलाही वाटतेय," त्या म्हणाल्या. "रविवारी चर्चमध्ये मिस्साला पाठ असलेली प्रार्थना मधेच विसरले. कुणाला बोलले नाही. तूही तुझ्या नवऱ्याला इतक्यात सांगू नकोस."

"नाही आई. आज संध्याकाळी सांगायचं. मी सांगते."

त्यांचा शब्द मी पहिल्यांदाच मोडत होते. त्यांनी होकाराची मान हलवली.

डॉक्टरांनी विस्मरणाची सुरुवात आहे असं सांगितलं, गोळ्या दिल्या. शिकवणी बंद झाली नाही. एकच उदाहरण आम्ही दोघी वेगवेगळं सोडवायचो आणि उत्तरं जुळवायचो. जुळलं नाही की कधी माझं चुकलेलं असायचं, कधी त्यांचं. त्यांचं चुकलं की त्या पेन आपटत, उठून आत जात. थोड्या वेळाने परत येत.

मी पास झाले. निकालाच्या दिवशी त्यांनी गणिताचे मार्क दोनदा विचारले. मी दोन्ही वेळा सांगितले.