तासेरेच्या चित्रातला काळोख

आमच्या वागाडूगूत चित्रपटांचा उत्सव भरला की दिग्दर्शकांचे चेहरे भिंतीभिंतींवर चिकटतात. चित्र कोणाच्या डोळ्यांनी टिपले, हे विचारण्याची तसदी या शहराने कधी घेतली नाही. छायाचित्रकार तासेरे निकिएमाविषयी लिहिण्याची पाळी म्हणून माझ्यासारख्या ध्वनिमुद्रकावर आली आहे.

तासेरे खोलीत दिवा लावू देत नसे. नटीच्या गालांना शिआच्या बियांचे लोणी चोळायचे, दार अर्धे उघडायचे आणि वाट पाहायची. वाळवंटावरून येणाऱ्या हरमट्टन वाऱ्याच्या धुळीतून गाळून आलेला उजेड गालाच्या कडेने ओघळे. उरलेला चेहरा काळोखात राही. “डोळ्यांनी थोडं चालत यावं माणसापर्यंत,” तो म्हणे. निर्माते कंटाळून दुसरीकडे जात.

टिकला तो एकटा बासिल तोए, त्याचा बालमित्र आणि दिग्दर्शक. बासिल सामो, तासेरे मोसी. या दोन जमातींत थट्टेचे नाते आहे: एकमेकांना गुलाम म्हणावे, वाटेल ते बोलावे, आणि राग कशाचाच मानू नये.

त्यांच्या शेवटच्या चित्रपटाचे रंगसंस्करण, म्हणजे रंग-उजेडाची अखेरची जुळवणी, परदेशात झाले, तासेरेला न विचारता. उत्सवापूर्वी बासिलने आम्हां सर्वांना तो घरी दाखवला. नवरा गेल्यावर म्हातारी एकटी बसते, ती खोली लख्ख उजळली होती. पातेली दिसली, भिंतीवरचे ओघळ दिसले. म्हातारीचे एकटेपण तेवढे नाहीसे झाले होते.

“बासिल, तू माझं चित्र मारलंस,” तासेरे म्हणाला.

“ऐका, माझ्या गुलामाला वाचा फुटली. मोसींना अंधार लागतोच रे. आमची गाढवं पळवायची असतात ना?”

“मी थट्टा करत नाहीये.”

“म्हणजे तीही जमत नाही तुला.”

“भावजी, आधी जेवून घ्या,” बासिलची बायको रोकिया म्हणाली. “उपाशी मोसी फार कुरकुरतो.”

तो पुनःपुन्हा सांगत राहिला आणि शिकलीसवरलेली मंडळी दर वेळी अधिकच हसली.

अखेर तासेरे उठला. टोपी हातात घेऊन, नजर खाली ठेवून, परक्या वडीलधाऱ्याशी बोलावे तसा बोलला, “तोएसाहेब, या चित्रपटावरून माझं नाव काढावं, एवढी आपल्याला विनंती आहे. आजवर आपण काम दिलंत, मी आभारी आहे.”

हसणे थांबले. थट्टेच्या नातलगाशी आमच्याकडे असे कोणी बोलत नाही.

“तासे, अरे शिवी तरी दे मला,” बासिल म्हणाला.

तासेरे सर्वांचा निरोप घेऊन निघून गेला.

नाव निघाले. श्रेयनामावलीतली ती जागा रिकामी का, असे उत्सवात एकाही विद्वानाने विचारले नाही. तासेरे आता लग्ने टिपतो, भर उन्हात, अंगणात. बासिल अधूनमधून त्याच्या दारात उभा राहून ओरडतो, “गुलामा, आहेस का मेलास?” तासेरे खुर्ची पुसून देतो, पाणी आणतो, घरच्यांची खुशाली विचारतो. बासिल पाणी पितो, आणखी एकदोन टोमणे मारून पाहतो, आणि मग दोघे रस्त्याकडे पाहत बसतात.