घरगूति जेवन

माझं अक्षर म्हणजे कोंबडीचे पाय. शुद्धलेखनाचं तर विचारूच नये. चौथी झाली आणि शाळा सुटली, ऱ्हस्व-दीर्घ तिथेच राहिलं. हे मी कोणाला वाचायला लिहीत नाही, पण उद्या मुलाच्या हाताला हे कागद लागलेच, तर त्याने आधी मला माफ करावं आणि मग वाचावं. तशी माझी चूक काही लपून राहिलेली नाही. पेणच्या बाहेर, हायवेच्या कडेला ती बोर्डावर लागली आहे, वीतभर उंचीच्या अक्षरांत, आणि जाणारे-येणारे तिचे फोटो काढतात.

मला लिहायचं आहे ते माझ्या नणंदेच्या पैशांबद्दल. पण ते पैसे कुठून आले आणि कशात गेले हे सांगायचं तर खानावळीपासून सुरुवात करायला हवी.

मी लग्न होऊन आले तेव्हा आमच्या ह्यांची पेणला एसटी स्टँडच्या मागे खानावळ होती. पुढे टेबलं, मागे पत्र्याचा आडोसा, आणि आडोशामागे मी. बाईमाणसाने गिऱ्हाइकापुढे यायचं नाही असं मला कोणी सांगितलं नव्हतं. मलाच नको वाटायचं. कोणी पाणी मागितलं तरी मी तांब्या ह्यांच्या हातात द्यायचे. पण तो पत्रा जमिनीपर्यंत पोचत नव्हता. खालच्या फटीतून मला गिऱ्हाइकांचे पाय दिसायचे. खाकी पँट आणि काळे बूट म्हणजे ड्रायव्हर-कंडक्टर, त्यांना घाई. झिजलेल्या चपला एकमेकींवर ठेवून बसलेला म्हणजे कोर्टाची तारीख पडलेला माणूस, तो अर्धं जेवण टाकणार. आणि घोट्यापर्यंत प्लास्टरने पांढरे झालेले पाय म्हणजे गणपतीच्या कारखान्यातले कारागीर. ते आले की मी आतूनच ह्यांना हळू सांगायचे, पांढऱ्या पायांना भात वाढा. ते तीन-तीनदा भात घ्यायचे आणि मला आत बसल्या बसल्या बरं वाटायचं.

बाहेर पाटी होती, 'राईस प्लेट तयार आहे'. घरगुती हा शब्द तेव्हा कुठल्याच हॉटेलवर नसायचा. हॉटेलात माणूस यायचा तो घरी मिळत नाही ते खायला. बटाट्याची भाजी, पुरी, लाल तर्रीचा रस्सा, पापड. वालाचं बिरडं, सुक्या जवळ्याची चटणी, तांदळाची भाकरी हे आम्ही दुपारी शटर ओढल्यावर आत बसून खायचो. गिऱ्हाइकापुढे ते ठेवायची लाज वाटायची.

माझी नणंद, ह्यांची मोठी बहीण, रोह्याला असते. तिला आम्ही वन्सं म्हणतो. लवकर विधवा झाल्या, पदरात एक मुलगा. रोह्याबाहेरच्या कंपन्यांतल्या एकट्या राहणाऱ्या माणसांसाठी त्यांनी दोन खोल्यांत मेस काढली होती. तिन्ही शिफ्टची माणसं जेवायला यायची, त्यामुळे त्यांची चूल कधी थंड नसायची. खानावळीला सुट्टी असली की मी गाडीने रोह्याला जायचे. वन्सं हातात पळी घेऊन मधोमध उभ्या असायच्या आणि मिशीवाल्या बाप्यांना दम द्यायच्या. ताटात टाकलंस तर उद्या तेच वाढीन, म्हणायच्या, आणि तो बाप्या मुकाट्याने ताट पुसून खायचा. मला बघून त्यांना हसू यायचं. "अगो, तुझ्या गिऱ्हाइकांनी तुझं तोंड तरी बघितलंय का? पत्र्याशी लगीन लावलंस काय?" मी जेवायला बसायचे. त्यांच्या हातचं बिरडं आणि भात, दुसऱ्यांदा भात, कधी कधी तिसऱ्यांदा. पेणला मी सगळ्यांचं झाल्यावर उरलंसुरलं खायचे. पोटभर जेवायचे ती रोह्याला.

मग हळूहळू सगळंच बदललं. एका दिवसात नाही. कंपन्यांनी कायमची माणसं घेणं कमी केलं आणि कॉन्ट्रॅक्टवर लांबून माणसं आणली. त्यांना भात नको, रोटी हवी. डोलवीकडच्या एका ठेकेदाराच्या माणसांना आम्ही डबे द्यायला लागलो, तेव्हा मी घामाघूम होऊन चपात्यांची चळत लाटायला शिकले. पुढे त्यांच्यातलाच एक आचारी आला आणि डबे बंद झाले. रोह्यात कंपन्यांनी आतच कँटीन केली, आणि जी माणसं बाहेर उरली ती एका खोलीत चौघं राहून छोट्या शेगडीवर स्वतः शिजवायला लागली. पेणला स्टँडवर चायनीजच्या गाड्या आल्या, वर एसी आणि खाली फॅमिली रूम असलेली हॉटेलं आली. गॅस महाग झाला, तेल महाग झालं, पण राईस प्लेटला पाच रुपये वाढवले की नेहमीचा माणूस दाराशी थांबून पाटी वाचायचा आणि परत फिरायचा. शेवटी जागामालकाने सांगितलं, गाळा सोडा, मोबाइलचं दुकान येतंय.

त्याच वर्षी वन्संनी मेस बंद केली. मोठी तपेली, पराती, जर्मनची पातेली वजनावर विकली. एक पितळेचं तपेलं तेवढं ठेवलं. मुलगा कामोठ्याला राहतो, तो म्हणत होता, आई, आता खोल्या सोड आणि आमच्याकडे ये. वन्संना जायचं नव्हतं. भांड्यांचे आलेले आणि साठवलेले पैसे मिळून त्यांना आपल्या दोन खोल्यांत आपल्या मर्जीने राहायचं होतं.

आणि ते सगळे पैसे त्यांनी आम्हाला दिले, कारण ह्यांनी पेणच्या बाहेर हायवेला शेडसाठी जागा बघितली होती. रुमालात बांधून आणले आणि भावाच्या नाही, माझ्या हातात ठेवले.

"माझा भाव हिशोबात कच्चा हाय. म्हणून तुझ्याकडं देते," त्या म्हणाल्या. "फेडायचे ते रोख फेडायचे. साड्या-बिड्या आणून फेडू नको. आणि हे बुडले तर मला कामोठ्याला जायला लागंल, तेवढं ध्यानात ठेव."

शेड उभी राहिली. बोर्ड लिहायला हमरापूरचा एक पेंटर आला. एरवी तो गणपतींचे डोळे रंगवतो, सीझन नसला की पाट्या लिहितो. ह्यांनी अलिबागच्या रस्त्याला कुठेतरी 'घरगुती जेवण' असं वाचलं होतं, तेच आपण लिहायचं असं आमचं ठरलं होतं. पण ऐन वेळी हे गॅसची टाकी आणायला गेलेले. पेंटर म्हणाला, वहिनी, काय लिहायचं ते कागदावर द्या, मला कारखान्यात परत जायचंय. त्याला थांबा म्हणायचाही मला धीर झाला नाही. पिठाच्या पिशवीचा कागद फाडून मी लिहून दिलं. डोळे रंगवणारा माणूस तो, बघितलं तसं उतरवणारा. माझी एक रेघ त्याने इकडची तिकडे केली नाही.

घरगूति जेवन.

ह्यांना काही कळलं नाही. बोर्ड लावला, नारळ फोडला. मग जुन्या खानावळीत जेवायला येणारे एक निवृत्त गुरुजी स्कूटर घेऊन आले. वर बघून ह्यांना हळूच म्हणाले, "दोन शब्दांत तीन चुका आहेत. अक्षर मात्र सुरेख काढलंय." इथेही मी आडोशामागेच होते, तिथून ऐकलं. त्या दिवशी मी भाताला मीठ घालायला विसरले. बोर्ड उतरवा म्हणून ह्यांच्या मागे लागले, पण तोवर गणपतीचा सीझन लागला होता, तो संपेपर्यंत पेंटर मिळणार नव्हता आणि दुसऱ्याला द्यायला पैसे नव्हते. वन्सं सातवी शिकलेल्या. त्या आल्या, कपाळावर हात धरून बोर्ड वाचला आणि म्हणाल्या, "चौथी पास हॉटेल."

पुढचे दिवस वाईट गेले. रस्त्याचं काम निघालं, समोर खड्डे, मातीचे ढीग, धूळ. गाड्या थांबत नव्हत्या. मी रोह्याला जायचे ती रिकाम्या हाताने. आणि मला तिथे जेवता येईना. ज्या माणसाचं सगळं आपल्याकडे अडकलंय, त्याच्या पुढ्यात बसून दुसऱ्यांदा भात कसा मागायचा. चहा घ्यायचे, तोही उभ्याने, आणि खाऊन आलेय म्हणायचे. वन्सं एकदा म्हणाल्या, "सकाळच्या गाडीने आलीस आणि खाऊन आलेय म्हणतेस. गाडीत वडे विकत होतीस काय?" पण पैशांचं नाव त्यांनी काढलं नाही. कधीच नाही.

रस्ता थोडा मोकळा झाल्यावर एके दुपारी एक मोटार थांबली. त्यातली मुलगी बोर्डाचा फोटो काढून आईला म्हणाली, "इथे खरंच घरचं मिळणार बघ. बोर्डसुद्धा घरच्यांनीच लिहिलाय." हे राईस प्लेट, पनीर, अंडाकरी सांगायला लागले. ती बाई म्हणाली, ते नको, तुम्ही स्वतः काय जेवता ते द्या. ह्यांनी आत येऊन माझ्याकडे बघितलं. आत आमच्यासाठी बिरडं होतं, जवळा होता, भाकऱ्या होत्या. मी मान खाली घालून वाढून दिलं. त्यांनी बोटं चाटली. पुढच्या सुट्टीला त्या आणखी एक मोटार घेऊन आल्या.

जरा बरं चालायला लागलं तोवर लॉकडाऊन आला आणि शेड बंद. वन्संचा मुलगा त्यांना कामोठ्याला घेऊन गेला. त्याने ह्यांना फोन करून सरळ विचारलं, मामा, आईच्या पैशांचं काय. त्याचं चुकलं नव्हतं. फोन ठेवून हे बाहेर खाटेवर जाऊन बसले. गाड्या सुरू झाल्यावर वन्सं हट्टाने परत आल्या, पण मुलाने सांगितलं होतं, पैसे येत नसतील तर पुढच्या वर्षी खोल्या सोडायच्या. मी भेटायला गेले तेव्हा त्या तिथल्या दिवसांबद्दल एकच बोलल्या. "वाल सोलायला बसले तर सून म्हणते, आई, सोललेले विकत मिळतात. मग मी दिवसभर काय सोलू?"

त्यानंतर मी मनाशी ठरवलं, दर महिन्याला रोह्याला जायचं आणि रिकाम्या हाताने नाही.

लॉकडाऊननंतर लोकांना घरचं खाण्याचं वेडच लागलं. अलिबागला, मुरुडला जाणाऱ्या मोटारी थांबतात. ज्या राईस प्लेटला पाच रुपये वाढवता येत नव्हते, तिच्याऐवजी आम्ही आमचंच दुपारचं जेवण देतो आणि त्याची किंमत लिहायला मला लाज वाटते, म्हणून लिहीत नाही. लोक न विचारता देतात. आमचा मुलगा कंपनीत कॉन्ट्रॅक्टवर आहे, त्याने पैसे घ्यायचा तो चौकोन भिंतीला लावला आणि शेजारी बोलणारा डबा ठेवला. किती आले ते डबाच मोठ्याने सांगतो. मला तो फार आवडतो. जन्मात मला कोणाकडे पैसे मागता आले नाहीत, आता मागावेच लागत नाहीत.

लोकांना चूल बघायची असते म्हणून ह्यांनी चूल पुढे आणली. मी तिच्याशी बसते, पण लोकांकडे पाठ करून. मावशी, जरा इकडे बघा, म्हणतात. मी भाकरी थापते. पुष्कळ लोकांच्या फोनमध्ये माझी पाठ आहे.

हल्ली पुढे आणखी दोन ठिकाणी बोर्ड लागलेत, 'घरगूति जेवन'. हे चिडून पेंटरला विचारायला गेले. तो म्हणाला, त्यांनी तुमच्या बोर्डाचा फोटो दाखवला, अगदी असंच पाहिजे म्हणाले. वन्संना सांगितलं तर म्हणाल्या, "भांडायला जा आणि सांग, चूक तुमची नाय, आमची हाय." गुरुजी अजून येतात. वर बघत नाहीत.

चांगलं चाललंय, मी तक्रार करत नाही. पण कधी कधी मला त्या पत्र्याखालचे पाय आठवतात. आता येणारी माणसं भात कमी द्या म्हणतात, दिलेल्यातला निम्मा टाकतात, आणि तरी छान होतं म्हणून सांगतात. मोठं पातेलं मी माळ्यावर टाकलंय. पांढऱ्या पायांचा माणूस आमच्याकडे फिरकत नाही. त्याला परवडणारही नाही. तीनदा भात मागणारं कोणी राहिलं नाही.

गेल्या आठवड्यात मी शेवटचे पैसे घेऊन रोह्याला गेले. मुलगा म्हणाला, आत्याच्या खात्यावर फोनवरून टाकतो, कशाला जातेस. मी म्हटलं, रोख ठरलंय. वन्संनी रुमाल दिला होता, त्याच रुमालात बांधले.

वन्सं खोलीत खाली बसून मोड आलेले वाल सोलत होत्या. अर्धे चुलीवर शिजत होते, त्या एका ठेवलेल्या तपेल्यात. न बघताच म्हणाल्या, "खाऊन आली असशील."

"नाय," मी म्हटलं. "खायला आलेय. पण आधी हे घ्या."

"आधी जेव."

"नाय वन्सं. आधी पैसे."

त्या घरात मी इतक्या मोठ्याने कधी बोलले नव्हते. त्यांनी मान वर करून माझ्याकडे बघितलं. हात पदराला पुसले, रुमाल सोडला, बोट ओलं करत सावकाश नोटा मोजल्या, कुणा परक्या गिऱ्हाइकाच्या मोजाव्यात तशा. मोजून झाल्यावर रुमालाची घडी घालून मला परत दिली.

"फिटले गो सगळे," म्हणाल्या, आणि माझ्यापुढे ताट ठेवलं.