तिसावा कागद

माणूस ओळखावा तर आमच्या मामांनीच. त्यांच्याइतका माणसांचा जाणकार आदिलाबाद जिल्ह्यात आजवर झाला नाही आणि पुढे होणारही नाही. हे मत खुद्द मामांचं आहे, पण ते मी इतक्या वेळा ऐकलंय की आता ते मला माझंच वाटायला लागलं आहे. मामा म्हणजे माझ्या बायकोचे मामा. चौतीस वर्षं त्यांनी तहसील कचेरीत काढली, जमिनीच्या भांडणांत दोन्हीकडच्या लोकांना समोर उभं करून खरं-खोटं केलं. रिटायर झाले तेव्हा कचेरीनं शाल दिली, नारळ दिला, पण तोंडं वाचायची सवय काही काढून घेतली नाही. "जावईबापू, मानसाचं तोंड पाह्यलं का मी त्याची पहाणी सांगतो," असं ते म्हणतात. पहाणी म्हणजे आमच्याकडचा जमिनीचा उतारा. जमीन कोणाची, कसतो कोण, सगळं त्यात असतं. एकदा गुडीहत्नूरच्या बसस्टँडवर एक गृहस्थ गालाला हात लावून बसले होते. मामांनी लांबूनच "घरात मयत झाली हाय" असा निकाल दिला, आणि तेवढ्यावर न थांबता जाऊन त्यांच्या खांद्यावर हात ठेवून जन्ममरणाविषयी पाच मिनिटं समजावलं. त्या गृहस्थांची दाढ दुखत होती. तोंड उघडता येत नव्हतं म्हणून त्यांनी बिचाऱ्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि शेवटी हात जोडले. "पाहा, कसा हलका झाला," मामा बसमध्ये बसल्यावर म्हणाले.

एकाच माणसाचं तोंड मामांनी कधी वाचायला घेतलं नाही, ते मामींचं. मामी कमी बोलतात. माझ्या लग्नाला अकरा वर्षं झाली, त्यांत "या" आणि "अजून घ्या" याखेरीज त्या माझ्याशी काय बोलल्या हे मला आठवून सांगावं लागेल. मामांना त्याचं मोठं कौतुक. "तुमची मामी म्हंजे समाधानी बाई. तिच्या तोंडावर वाचाले काई नाईच," असं ते मामींच्या देखतच सांगायचे, आणि मामी पदराला हात पुसत आत जायच्या.

तर अशा या मामांनी बासष्टाव्या वर्षी मानसशास्त्राच्या एम.ए.ला बाहेरून नाव घातलं. नाव घातलं त्याच दिवशी पदवीच्या प्रमाणपत्रासाठी दिवाणखान्यात खिळा ठोकला. बाकीचे पेपर त्यांनी झपाट्यानं काढले, कारण प्रत्येक उत्तरात ते तहसीलमधला एखादा किस्सा लिहून येत. अडले ते सांख्यिकीला. पुस्तक इंग्रजीत, मामांचं शिक्षण मराठी-तेलुगूत, नोकरी अर्धी उर्दूत. त्यातून दोनदा नापास झाले आणि प्रवेशाची मुदत संपायला एकच वर्ष उरलं. मुदत म्हणजे मुदत, हे त्यांनीच जन्मभर लोकांना सुनावलेलं. मी ज्युनियर कॉलेजात गणित शिकवतो, एवढ्या अपराधावरून दर रविवारी मला बोलावणं येऊ लागलं. गणित शिकवणाऱ्याला सांख्यिकी येतेच असं नाही, हे मी मामांना कधी सांगू शकलो नाही. मी शनिवारी तो धडा वाचायचो, निम्मा समजायचा, आणि रविवारी ते निम्मं मामांना शिकवून मी त्या निम्म्याविषयीही गोंधळून घरी यायचो.

सरासरी शिकवली त्या आठवड्यात मामांनी घरात तिचा अंमल सुरू केला. आपण सरासरी साडेतीन पोळ्या खातो असं निघाल्यावर चौथी पोळी ते मोजून अर्धीच खात आणि उरलेली अर्धी "ही सरासरीच्या बाहेरची" म्हणून माझ्या ताटात सरकवत. पुढं शून्य परिकल्पना आली. काहीच घडलेलं नाही असं धरून चालायचं आणि पुराव्यानं ते खोटं पाडायचं, एवढं मी सांगितलं. त्याच संध्याकाळी शेजारचे शिक्षक देवळातून चप्पल चोरीला गेली म्हणून अनवाणी सांगत आले, तर मामा त्यांना म्हणाले, "सर, चप्पल गेलीच नाई असं धरून चाला. मंग पुरावा आना." सर आधी त्यांच्याकडं आणि मग आपल्या पायांकडं पाहत राहिले. मी मध्ये पडणार होतो, पण मामांचं म्हणणं चूक होतं की पुस्तकाला धरून होतं, हे मलाच ठरवता येईना. अजूनही येत नाही.

सांख्यिकीचा लेखी पेपर कसाबसा निघाला आणि शेवटी राहिला तो प्रकल्प. मामांनी विषय घेतला 'आमच्या कॉलनीतील रहिवाशांचे वय आणि एकटेपणा'. दहा प्रश्नांची प्रश्नावली, प्रत्येकाला 'कधीच नाही', 'कधी कधी' आणि 'नेहमी' अशी तीन उत्तरं, शून्यापासून दोनपर्यंत गुण. नाव लिहायचं नाही, फक्त वय. तीस माणसं हवी होती, आणि तीही चिठ्ठ्या टाकून निवडलेली. मामांनी तांब्यात चिठ्ठ्या टाकून तीस घरं काढलीसुद्धा. पण दुसऱ्याच दिवशी पलीकडच्या वहिनी दारात आल्या. "काऊन भाऊजी, आमचं घर तेवढं सोडलं तुमी? आमचं काई चुकलं काय?" एका घरी बोलावणं आणि भिंतीला लागून असलेल्या घरी नाही, असं आमच्याकडं हळदीकुंकवालाही चालत नाही. दोन दिवसांत अशा बारा तक्रारी आल्या. मामांनी चिठ्ठ्या फेकून दिल्या आणि सगळ्या कॉलनीला रविवारी सकाळी पोह्यांचं आमंत्रण देऊन टाकलं.

आले एकोणतीस. दिवाणखान्यात सतरंजी अंथरलेली, प्रत्येकाला एक कागद आणि एक नवं निळं पेन. मी म्हणत होतो, वेगवेगळं बसवा. पण चपला गेलेल्या सरांना वेगळं कुठं बसवणार? सर मोठ्यानं वाचायचे, "तुमचं कोणी ऐकत नाही असं तुम्हाला वाटतं का?" की सगळे एकमेकांकडं पाहून हसायचे. कोपऱ्यावरचे किराणावाले चाचा म्हणाले, "अरे भाई, सब खैरियत लिखो." मागून एक तेलुगू बाई म्हणाल्या, "अंता बागुंदी," म्हणजे सगळं छान आहे. आणि मामांचे पोहे खात खात मामांच्या घरात बसून कोण म्हणणार की मी एकटा आहे? सगळ्यांनी एकमेकांचं पाहून 'कधीच नाही'वर खुणा केल्या. शेवटी एक माणूस कमी पडला, तेव्हा मामा स्वैपाकघराच्या दारात जाऊन म्हणाले, "अवं, हा एक तू भरून टाक." मामी पोह्यांच्या दुसऱ्या घाण्यापाशी उभ्या होत्या. त्यांनी कागद ओट्यावर ठेवला.

दुपारी मी आणि मामा हिशेबाला बसलो. शून्य, शून्य, एक, शून्य, दोन, शून्य. मामा खुशीत होते. "आपली कॉलनी म्हंजे सुखी कॉलनी" असा निष्कर्ष ते आधीच लिहून मोकळे झाले होते. आणि मग एक कागद आला एकोणीसचा. वीसपैकी एकोणीस. मी दोनदा बेरीज केली. गणिताच्या मास्तरचा सगळा रुबाब आणून मी म्हणालो, "मामा, हा चुकून भरलाय. कोणीतरी उलटं समजलं. हा एक आकडा सगळं बिघडवतोय, काढून टाका. पुस्तकातही तसं चालतं."

मामांनी कागद हातात घेतला. तो पेनानं नव्हे, पेन्सिलीनं भरलेला होता. त्या घरात पेन्सिल एकच. मामी तिनं भिंतीवरच्या कॅलेंडरवर गॅसची तारीख लिहितात. मला हे नंतर सुचलं, मामांना तेव्हाच दिसलं असणार. त्यांनी एकेका खुणेवरून बोट फिरवलं. मग म्हणाले, "याले बेदखल करायचं म्हनता?"

"अहो मामा, प्रकल्पाचा प्रश्न आहे. शेवटची मुदत आहे."

"कबजा याचाच हाय जावईबापू," असं म्हणून त्यांनी 'सुखी कॉलनी'चं पान फाडलं आणि तिसावा कागद तिसावाच ठेवून दिला.

तोंडी परीक्षेला मी सोबत गेलो होतो. मामा दहा मिनिटांत बाहेर आले. "त्यायनं इचारलं, हा एकच मानूस एवढा येगळा काऊन? चूक असन त काढा, नसन त कारन सांगा."

"मग?"

"मी काई बोललो नाई."

मी कपाळाला हात लावला. "अहो, बाकीच्यांनी घोळक्यात बसून भरलं, हा एकट्यानं भरला, म्हणून हाच तेवढा खरा! एवढं सांगितलं असतं तर त्यांनी उलट पाठ थोपटली असती!"

"मंग त्यायनं इचारलं असतं, हा कोन?" मामा रुमालानं चष्मा पुसत म्हणाले. "घरच्या मानसाची गवाही बाहेरच्यापुढं वाचत नसतात."

मामा नापास झाले. मुदत संपली. मला फार वाईट वाटलं, आणि त्याहून जास्त लाज वाटली, कारण तो कागद काढून टाका म्हणणारा मी होतो. त्या रविवारची उरलेली एक कोरी प्रश्नावली माझ्या बॅगेतून घरी आली होती. ती अजून माझ्या ड्रॉवरमध्ये आहे. बायकोला भरायला द्यावी असं दर महिन्याला मनात येतं, आणि दर महिन्याला दुसरं काहीतरी काम निघतं.

मध्यंतरी एका रविवारी सहज मामांकडं गेलो. शिकवणी संपली होती तरी पायांना सवय होती. दिवाणखान्यातल्या खिळ्यावर मामींची बाजाराची पिशवी लटकत होती. मामा स्वैपाकघरात पाटावर बसून वालाच्या शेंगा सोलत होते, वाईट सोलत होते, आणि मामी बोलत होत्या. बेज्जूरला त्यांचं माहेर. लहानपणी प्राणहिता ओलांडताना नावेत त्यांची बकरी कशी बिथरली होती, ते सांगत होत्या. मला "या" म्हणाल्या आणि गोष्ट तशीच पुढं सुरू ठेवली. मामा मध्ये एकदाही बोलले नाहीत. माणसांचा एवढा मोठा जाणकार, पण मामींच्या तोंडाकडं असा पाहत होता, जसा पूर्वी माझ्या आकडेमोडीकडं पाहायचा.

निघताना ते फाटकापर्यंत आले. हातात शेंगांची सालं तशीच होती. "जावईबापू, एका मानसावरून काई सिद्ध होत नाई, नाई का?"

"नाही मामा. निदान तीस तरी लागतात."

मामांनी मान हलवली. "मले त एकच समजून घ्याचा होता," ते म्हणाले. "उशीर झाला थोडा." आत बकरी अजून नावेतच होती, म्हणून ते मला फाटकाशी सोडून लगबगीनं परत गेले.