उस्तादला बस थांबत नाही

शहागंजच्या नानवाल्यांत एक समज आहे. मेलेला भट्टीवाला कुणाला धरत नाही की घाबरवत नाही. पहाटे येतो तो फक्त खमीर बघायला. म्हणून आदल्या दिवशीच्या आंबवलेल्या पिठाचा गोळा ते झाकत नाहीत. सकाळी त्यावर बोटं उमटलेली दिसली की समजायचं, येऊन गेला. बोटं वरवर असली तर पीठ बरं आहे. खोल रुतली असली तर सैल झालंय, मैदा घाल.

पुंडलिकच्या गोळ्यावर अकरा वर्षं चारच बोटं उमटत होती. त्याला काम शिकवून अकरा वर्षांमागं वारलेल्या फकिरा उस्तादची करंगळी पीठ मळायच्या मशीनमध्ये गेली होती. पुंडलिकची बायको मुक्ताबाई वारली, लेक विशाखा नाशिकला नांदायला गेली, तरी रोज सकाळी कुणीतरी भेटून गेल्यासारखं त्याला वाटायचं, ते या चार बोटांमुळं.

मग मालकानं विजेची भट्टी आणली. लाकडाची विझली आणि एकसष्ट वर्षांच्या पुंडलिकला घरी बसवलं. त्यानं खमिराचा गोळा तेवढा मागून घेतला, डब्यात घालून सिटी बसनं हर्सूलला घरी आणला आणि ओट्यावर उघडा ठेवला.

चार दिवस गेले. रोज तो गोळ्याला मूठभर मैदा घाली, आणि रोज सकाळी गोळा गुळगुळीत.

"बाबा, आपण बुद्धाची माणसं," विशाखा फोनवर म्हणाली. "भुताची वाट बघतेत का कुणी?"

"भुताची कुठं? उस्तादची बघतोय."

"त्यापरीस इकडं या ऱ्हायला."

"तिकडं तर त्याला घर मुळीच घावायचं नाय."

पाचव्या दिवशी दुपारी डबा पिशवीत घालून तो शहागंजला गेला. नव्या भट्टीवर कृष्णा होता, त्याच्याच हाताखाली शिकलेला.

"काय काका, घरी करमंना व्हय?"

"उस्ताद इथं येतो का रे अजून?"

"इथं कशाला येतेत? आम्ही पाकिटातलं यीस्ट टाकतो. बोट लावायला जागा नाय." कृष्णानं हात पुसले. "गोळा नेला कसा तुम्ही?"

"बसनं."

कृष्णा त्याच्याकडं बघतच राहिला. "चाळीस वर्षं भट्टीपाशी काढली अन् एवढं इसरले? मेलेला माणूस खमिरामागं पायी येतो, काका. त्याला बस कोण थांबवणार?"

पुंडलिक जुन्या भट्टीच्या थंड तोंडाशी गेला. डब्याचं झाकण काढलं. "चला उस्ताद," म्हणाला आणि निघाला.

उस्ताद एका पायानं लंगडायचा, म्हणून पुंडलिक हळू चालला. मागं वळून बघितलं नाही. दिल्ली दरवाज्याच्या पुढं एका टपरीवर त्यानं दोन हाफ चहा सांगितले.

"दुसरा कुणाला?" चहावाल्यानं विचारलं.

"मागून येतोय."

दुसऱ्या चहावर साय धरेपर्यंत तो बाकड्यावर बसून राहिला. मग उठला. हर्सूलला पोचायला दिवेलागण झाली.

सकाळी गोळ्यावर चार बोटं होती. पेरापर्यंत रुतलेली.

पुंडलिकनं मैद्याचा डबा काढला.

"व्हय उस्ताद, सैल झालंय," तो म्हणाला. मैदा घालून पीठ मळलं. तव्यावर दोन नान भाजले. एक खाल्ला. दुसरा संध्याकाळपर्यंत ताटात तसाच होता.